दुसरीत बसून चौथीचा भागाकार

सुवर्णमहोत्सवाच्या स्मरणिकेसाठी चार ओळी लिहून दे असा गुरुजींचा फोन आला आणि पहिल्यांदा डोळ्यासमोर आला तो फळा. तेव्हा आपल्या शाळेला खोल्या दोनच, त्यामुळे दुसरी आणि चौथी एकत्र, आम्ही दुसरीवाले भिंतीकडेच्या पट्टीवर बसून शुद्धलेखन काढायचो आणि बाई चौथीला भागाकार शिकवायच्या, माझं निम्मं लक्ष तिकडेच.

एकदा 438 भागिले 7 चाललं होतं. बाई मोठ्याने बोलत बोलत गणित करायच्या, "त्रेचाळीसला सातने भाग, सात पाचे पस्तीस, बाकी आठ..." आणि खडू तसाच धरून थांबल्या. "बाकी आठ? सातापेक्षा मोठी? मग अजून एक भाग जातोय की!" तळहाताच्या कडेने पस्तीस पुसले, सात सक बेचाळीस लिहिले. मला वाटलं बाई चुकल्या. आज मी स्वतः प्राथमिक शिक्षक आहे, आता कळतं ती चूक मुद्दाम होती. सगळं झटपट बरोबर लिहिणाऱ्याकडे बघून कच्चं पोर बिचकतं, पण चूक कशी सापडते, कशी सुधारायची हे बघितलं की त्याला वाटतं हे मलाही जमेल.

डी.एड.ला अल्बर्ट बांडुरा हा मानसशास्त्रज्ञ अभ्यासाला होता. 1961 मध्ये स्टॅनफर्ड विद्यापीठात 72 लहान मुलांवर केलेला तो बाहुलीचा प्रयोग, मोठ्या माणसाला हवेच्या बाहुलीला मारताना बघून मुलंही तशीच मारायला लागली, एवढं सगळ्यांना माहीत असतं. मला जास्त भिडला तो 1965 चा. फिल्ममध्ये मारणाऱ्याला शिक्षा झालेली बघितली ती मुलं स्वतः कमी मारत होती, पण जे बघितलंस ते करून दाखव, बक्षीस देतो म्हटल्यावर त्यांनीही इतरांइतकंच करून दाखवलं. म्हणजे शिकलेली होतीच, दाखवत नव्हती. वाचताना अक्षरशः आपली खोली आठवली, कारण मी चौथीत गेलो तेव्हा भागाकार मला येतच होता आणि दोन वर्षं कुणालाच माहीत नव्हतं.

माझ्या शाळेतही आता दोन वर्ग एका खोलीत आहेत. "तिकडे काय बघतोस, आपलं लिही" हे मी कधीच म्हणत नाही. परवा दुसरीतली एक मुलगी पाटीवर भागाकार मांडून बाकी पुसत होती, परत लिहीत होती, मी जवळ गेलो तशी तिने पाटी पालथी घातली. मी काही न बोलता पुढे गेलो.