कागद तुमच्याकडे, पण ताबा कुणाकडे?

"खरेदीखत माझ्या नावावर आहे ना, मग कुलूप तोडून आत गेलो तर कोण काय वाकडं करणार?" असं विचारणारे मला नेहमी भेटतात, कारण काय तर मी पूर्वी एका दिवाणी वकिलाकडे टायपिंग करायचो आणि नातेवाईकांच्या मते त्यामुळे मी अर्धा वकील आहे. वकील मी नाहीये. पण इतके दावे टाईप केलेत की एक गोष्ट डोक्यात पक्की बसलीय, मालकी वेगळी आणि ताबा वेगळा, आणि कुलूप तोडणारा मालक स्वतःचीच केस बिघडवतो.

कसं ते सांगतो. स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट १९६३ चं कलम ६ आहे. आत राहणाऱ्याला तुम्ही कायद्याची वाट सोडून बाहेर काढलंत तर तो ६ महिन्यांच्या आत दावा लावू शकतो आणि त्या दाव्यात मालक कोण हे कोर्ट बघतच नाही, फक्त ताबा कुणाचा होता आणि जबरदस्तीने घेतला का एवढंच बघतात. निकाल लागला की त्यावर अपीलही नाही. म्हणजे तो परत आत, आणि तुम्ही मालकीचा वेगळा दावा घेऊन परत पहिल्या तारखेपासून सुरुवात. सुप्रीम कोर्टाने १९८९ साली कृष्णा राम महाले केसमध्ये स्पष्टच सांगितलंय की समोरच्याला राहायचा हक्क नाही असं धरलं तरी त्याचा ताबा स्थिरावलेला असेल तर मालकाला त्याला कायद्यानेच काढावं लागेल. पाणी तोडणं, लाईट कापणं हे उद्योग पण नकोत, भाडेकरू असेल तर महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याचं कलम २९ आडवं येतं.

आता याची दुसरी बाजू, कारण हे ऐकून आत बसलेले लोक खूश होतात. "१२ वर्षं राहिलो की घर आपलं", हे वाक्य तर मी इतक्यांदा ऐकलंय की हसू येतं. १२ वर्षांचा नियम खरा आहे, पण ती १२ वर्षं मालकाचा हक्क नाकारून, उघडपणे, सलग काढलेली लागतात. भाडेकरू म्हणून राहिलात, मालकाने दया करून ठेवलं, रखवालदार म्हणून खोली दिली, तर तो परवानगीचा ताबा झाला, नुसती वर्षं मोजून काही होत नाही. २०१२ चा गोव्यातल्या भावाबहिणीच्या वादाचा निकाल आहे, मारिया मार्गारिडा फर्नांडिस यांचा, त्यात कोर्टाने म्हटलंय की केअरटेकर कितीही वर्षं राहिला तरी त्याला मालमत्तेत हक्क मिळत नाही. आणि सातबाऱ्यावर नाव लागलं म्हणून नाचणाऱ्यांनी पण थांबावं, फेरफार म्हणजे नावबदलाची नोंद, तो महसुलाचा कागद आहे, त्याने मालकी तयार होत नाही.

बरं समजा तुम्ही दावा जिंकलात. पेढे वाटू नका, कारण हुकूमनामा म्हणजे डिक्री हातात आली म्हणजे किल्ली आली असं नसतं, त्यासाठी दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज लावायचा, मग ताब्याचं वॉरंट, मग बेलीफ म्हणजे कोर्टाचा माणूस जाणार आणि तिथे दारात कुणीतरी मेहुणा उभा की मी इथला वेगळा भाडेकरू, माझा या दाव्याशी संबंध नाही. झालं, आता त्याच्या हरकतीची चौकशी. हे आजचं नाही, इंग्रजांच्या काळातलं सगळ्यात वरचं अपील कोर्ट असलेल्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ सालीच म्हटलं होतं की भारतात पक्षकाराच्या अडचणी डिक्री मिळाल्यावर सुरू होतात. सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये दरखास्ती ६ महिन्यांत निकाली काढा असा आदेश दिला, मला तरी ते ६ महिने कागदावरचेच वाटतात.

म्हणून ज्यांना घर अजून भाड्याने द्यायचंय त्यांच्यासाठी मला जास्त बोलायचंय. ११ महिन्यांचा करार आहे, नोटरी केली, आता रजिस्ट्रेशन कशाला असं म्हणणारे घरमालक महाराष्ट्रात ढिगाने आहेत. इथे त्याच भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम ५५ प्रमाणे लिव्ह अँड लायसन्सचा, म्हणजे ठराविक मुदतीसाठी राहायची परवानगी देणारा करार कितीही महिन्यांचा असला तरी लेखी आणि रजिस्टर्ड लागतो आणि ती जबाबदारी मालकाची. नसेल तर अटी काय ठरल्या याबद्दल राहणारा म्हणेल ते कोर्ट आधी खरं धरतं, खोटं असेल तर तुम्ही सिद्ध करा. वर ३ महिन्यांपर्यंत कैद किंवा ५००० पर्यंत दंड, किंवा दोन्ही. उलट राहण्यासाठीच दिलेलं घर असेल आणि करार रजिस्टर्ड असेल तर मुदत संपल्यावर कलम २४ खाली थेट सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे अशा प्रकरणांसाठी नेमलेल्या सरकारी अधिकाऱ्याकडे जाता येतं, दिवाणी कोर्टाच्या तारखा नाहीत, आणि मुदतीनंतर तो जितके दिवस बसेल तितक्या दिवसांचं भाडं दुप्पट दराने मागता येतं. ऑनलाईन रजिस्टर होतं ते, अंगठे घ्यायला माणूस घरी येतो, तरी लोक नोटरीकडेच पळतात.