तुम्ही विचारलंत म्हणून: 'स्मॅश'चा एकच एपिसोड बघायचा तर कुठला?

आमच्या नाटकवाल्या ग्रुपात हा प्रश्न फिरून फिरून येतो, की तुम्ही सारखं 'स्मॅश' 'स्मॅश' करता पण दोन सीझन मिळून ३२ एपिसोड बघायला वेळ कोणाकडे आहे, एकच सांगा. मग सांगते, पहिल्या सीझनचा चौदावा, 'प्रीव्ह्यूज'.

ज्यांना काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी पटकन: २०१२ साली एनबीसीवर आलेली ही सिरीयल, स्पीलबर्ग निर्मात्यांपैकी एक, आणि गोष्ट एवढीच की न्यूयॉर्कमधली काही मंडळी मेरिलिन मन्रोवर 'बॉम्बशेल' नावाचं म्युझिकल बसवतायत. मेरिलिन कोण करणार यावरून कॅरेन आणि आयव्ही या दोन नट्यांची चढाओढ, मग पैसा उभा राहावा म्हणून तिसरीच एक फिल्मस्टार आणतात (उमा थर्मन). लफडी, भांडणं, कारस्थानं ढीगभर आहेत, ती मी सरळ फॉरवर्ड करते.

तर चौदाव्यात हे सगळं लटांबर बोस्टनला जातं आणि पहिला प्रीव्ह्यू (अधिकृत ओपनिंगच्या आधी तिकीट लावून केलेला प्रयोग) होतो. शेवटी मेरिलिन मरते, नाटक संपतं, आणि टाळीच पडत नाही. थिएटरभर माणसं बसलीयेत आणि सगळी गप्प. ज्याने आयुष्यात एकदा जरी स्टेजवर प्रयोग केलाय ना त्याच्या पोटात तिथे गोळा येणारच, कारण तालमीत आपल्याला तो शेवट भारी वाटलेला असतो, बघायला आलेल्या मित्रांनाही भारी वाटलेला असतो, आणि मग तिकीट काढून आलेली अनोळखी माणसं एका मिनिटात सांगून टाकतात की नाही जमलं. पूर्ण सिरीयलमध्ये ह्याच्याइतकं खरं काही नाही.

आणि बोस्टन काय उगाच नाही घेतलं. ब्रॉडवेला, म्हणजे न्यूयॉर्कच्या मोठ्या व्यावसायिक थिएटरांत, न्यायच्या आधी न्यू हेवन, बोस्टन, फिलाडेल्फिया अशा गावांत प्रयोग करून बघायचे ही जुनीच पद्धत. 'ओक्लाहोमा!' हे म्युझिकल १९४३ मध्ये न्यू हेवनला लागलं तेव्हा त्याचं नाव 'अवे वी गो!' होतं. पण मला 'स्मॅश' बघताना कायम आठवतं ते संगीतकार-गीतकार सॉण्डहाइमचं म्युझिकल 'कंपनी'. १९७० साली बोस्टनलाच त्याचे ट्रायआउट, म्हणजे असेच चाचणीचे प्रयोग, चालू होते, शेवटचं गाणं होतं 'हॅपिली एव्हर आफ्टर', फारच कडवट, दिग्दर्शक हॅल प्रिन्सला ते नको होतं, म्हणून सॉण्डहाइमने तिथे नवीन गाणं लिहिलं, 'बीइंग अलाइव्ह'. म्हणजे गाव तेच, आणि दुखणंही तेच, शेवट अंगावर येतोय!

म्हणून पंधराव्या एपिसोडमध्ये टॉम आणि ज्युलिया ('बॉम्बशेल' लिहिणारी जोडी) घाईघाईत 'डोन्ट फर्गेट मी' लिहून शेवट बदलतात ते मला अजिबात फिल्मी वाटत नाही. फिल्मी आहे ते दुसरंच. स्टार आजारी पडते (स्मूदीत शेंगदाणे, विचारूच नका), आणि ऐन वेळी कॅरेनला मेरिलिन करून उभं करतात, आणि तिचं काहीही चुकत नाही, कपडेबदल, नाच, नवीन गाणं, सगळं परफेक्ट, टाळ्यांचा कडकडाट. अहो असं नसतं हो. खऱ्या प्रीव्ह्यूजमध्ये दुपारी बदल बसवायचे आणि रात्री तेच लोकांसमोर करायचे, वाद्यवृंदाची नोटेशन्स परत लिहायची, एखाद्या नटाचं लाडकं गाणं कापायचं, तो बिचारा तोंड पाडून बसणार, आणि हे आठवडेच्या आठवडे चालतं, ओपनिंगच्या थोडं आधी शो फ्रीझ करेपर्यंत, म्हणजे आता आणखी बदल नाहीत असं ठरेपर्यंत. सिरीयलला दुखणं अचूक कळलं आणि औषध मात्र एका रात्रीत लागू पडलं. शिवाय मी आयव्हीच्या पार्टीतली, आयव्ही करणाऱ्या मेगन हिल्टीचा आवाज ऐका आणि मग बोला.

गंमत म्हणजे ती गाणी टीव्हीवर राहिलीच नाहीत. शायमन आणि विटमन ('हेअरस्प्रे' म्युझिकलवाले) या जोडीने लिहिलेली, इतकी चांगली की २०१३ ला सिरीयल बंद पडल्यावरही २०१५ मध्ये मिन्सकॉफ थिएटरात एका रात्रीपुरतं 'बॉम्बशेल' कॉन्सर्टरूपात झालं, आणि २०२५ च्या एप्रिलमध्ये 'स्मॅश' खरोखरचं म्युझिकल म्हणून ब्रॉडवेवर आलं. जूनमध्ये बंदही झालं.

तर चौदावा बघा, आणि मागचं काही कळलं नाही तर पहिला एपिसोड बघून घ्या, त्यात 'लेट मी बी युअर स्टार' आहे. मधले राहिले तरी चालतील.