दाबा, मॅडम, दाबा! : आधारच्या बायोमेट्रिक अपडेटचा माझा अनुभव

फेलोशिपचे पैसे अडकले होते, कारण बँकेच्या केवायसी मशीनवर माझा अंगठा जुळेना. म्हणून आधारचं बायोमेट्रिक अपडेट. ऑनलाइन अपॉइंटमेंट, टोकन, फॉर्म, सगळं बिनबोभाट झालं. फी आता १२५ रुपये आहे, त्याहून जास्त कुणी मागितले तर देऊ नका.

घोडं अडलं ते बोटांचे ठसे घेणाऱ्या काचेवर. मी मूळची छापचित्रं करणारी. झिंकच्या प्लेटवर शाई चोपडायची, तळहाताने पुसून काढायची, मग केरोसीनने हात धुवायचे. वर्षानुवर्षं हेच केल्यावर बोटांवर रेषा उरणार तरी किती? चार बोटं उजवी, चार डावी, मग दोन अंगठे. स्क्रीनवर लालच लाल.

"दाबा, मॅडम, दाबा!" केंद्रावरचे ऑपरेटर साहेब म्हणत होते.

आता गंमत अशी, की सध्या माझं कलाकामच बोटांच्या ठशांवर चाललंय. सेन्सरवर बघणाऱ्याने अंगठा ठेवायचा आणि रेषा जिथे संपते किंवा फुटून दोन होतात ते बिंदू टचडिझायनर या सॉफ्टवेअरमधून आवाजात बदलायचे. ठसे जुळवणारी मशीनंही मुख्यतः हेच बिंदू ताडून बघतात. जोरात दाबलं की रेषा चपट्या होऊन एकमेकींत मिसळतात. हे मी सांगायला लागले, तर साहेब म्हणाले, "मागे लाइन बघा." मग माझे हात उलटेपालटे करून विचारलं, "मजुरी करता का?" मी हो म्हटलं. खोटं काय त्यात?

शेवटी "सिस्टीम घेत नाही" म्हणून बोळवण. पहिलं आधार २०१० साली नंदुरबारच्या टेंभली गावात दिलं गेलं. तिथल्यासारख्या खेड्यांतल्या खुरपं धरणाऱ्या, गवंडीकाम करणाऱ्या हातांचं रेशनच्या मशीनवर काय होत असेल, हे त्या दिवशी नीट कळलं. माझे निदान फेलोशिपचेच पैसे अडकले होते.

दुसऱ्या केंद्रावरच्या ताईंनी आधी काच पुसली. मला ओल्या रुमालावर बोटं टेकवायला लावली आणि "हलकेच ठेवा" म्हणाल्या. डाव्या करंगळीवाचून सगळं हिरवं! इतका आनंद मला प्रदर्शनाच्या उद्घाटनालाही झालेला नाही. ठसा नीट येतच नसेल तर काही प्रयत्नांनंतर ऑपरेटरला 'फोर्स कॅप्चर' करता येतं, म्हणजे जसा येईल तसा ठसा घेऊन पुढे जाता येतं. करंगळीचं तेच केलं. हे पहिल्या साहेबांना माहीत नसेल यावर माझा विश्वास नाही.

आणि बँकेने न सांगितलेली गोष्ट: केवायसीला पासपोर्ट किंवा मतदार ओळखपत्रही चालतं. माझा पासपोर्ट तेव्हा पर्समध्येच होता!

पावतीवरचा नंबर जपून ठेवा, स्टेटस त्यावरच दिसतं. आधारच्या अधिकृत ॲपमध्ये बायोमेट्रिक लॉक केलं असेल, तर बँकेत अंगठा द्यायच्या आधी ते उघडा. नाहीतर पुन्हा "जुळत नाही" ऐकाल.