सुझुमुशीच्या मंदिरात

क्योतोच्या पश्चिम टोकाला, डोंगराच्या पायथ्याशी, केगोनजी नावाचे एक लहानसे मंदिर आहे. १७२३ साली स्थापन झालेले हे मंदिर आज झेनच्या रिन्झाई पंथाचे आहे. मात्र बसच्या पाटीवर आणि लोकांच्या तोंडी त्याचे नाव 'सुझुमुशी-देरा', म्हणजे घंटाकिड्यांचे मंदिर, असेच आहे. सप्टेंबरच्या अखेरीस, तिकडे शिकत असलेल्या भाच्याला दुभाष्या म्हणून सोबत घेऊन, मी तेथे गेलो. सुमारे ८० पायऱ्या चढून सभागृहात शिरताच जो नाद कानांवर आला, त्यात एक आवाज दुसऱ्यापासून वेगळा काढणे अशक्य होते. हजारो किडे एकाच वेळी गात असल्यामुळे सारे दालन एका अखंड, चकाकत्या झंकाराने भरून गेले होते.

पाहुण्यांसाठी चहा आणि लहानशी मिठाई ठेवलेली असते आणि भिक्षू अर्धा तास जपानीत प्रवचन देतात. भाचा कानाशी कुजबुजत होता, परंतु माझे लक्ष समोरच्या पारदर्शक पेट्यांकडेच होते.

सुझुमुशी हा रातकिड्याचाच भाऊबंद. रंग काळा, लांबी जेमतेम दोन सेंटिमीटर, आणि शरीराहून कितीतरी लांब अशा स्पर्शिका, ज्यांचा मधला भाग पांढरा असतो. गातो तो फक्त नर. मादीचे पंख अरुंद असतात आणि तिच्या पाठीमागे अंडी घालण्याची सुईसारखी नळी दिसते, त्यामुळे दोघांना ओळखण्यास वेळ लागत नाही. पेटीच्या कडेला आलेला एक नर मी बराच वेळ निरखला. त्याने आधी स्पर्शिका हलवल्या, मग पाठीवर सपाट पडलेले रुंद पुढचे पंख हळूहळू वर उचलले. ते शरीराशी जवळजवळ काटकोनात उभे राहिले, तेव्हा त्यांचा आकार उलगडलेल्या पंख्यासारखा दिसू लागला. त्यानंतर ते इतक्या वेगाने थरथरले की पंखांच्या कडाच दिसेनाशा झाल्या. एका पंखाच्या खालच्या बाजूस बारीक दातांची शीर असते आणि दुसऱ्याची कडक कड तिच्यावरून घासली जाते. पंखांचा पातळ पापुद्रा त्या घर्षणाने कंप पावतो आणि आवाज मोठा करतो. या किड्याचे मागचे पंख प्रौढ झाल्यावर काही दिवसांतच गळून पडतात, म्हणजे उडण्याचे साधन टाकून देऊन तो केवळ वाद्य जवळ ठेवतो. ऐकण्याचे पडदे मात्र डोक्यावर नसून पुढच्या पायांवर असतात.

या स्वराची पट्टी साधारण ४,००० हर्ट्झच्या आसपास असते. जुन्या पद्धतीचा दूरध्वनी ३,४०० हर्ट्झपर्यंतचेच ध्वनी वाहून नेत असे, त्यामुळे सुझुमुशीचे गाणे त्या तारेवरून पलीकडे पोहोचतच नसे.

निसर्गात या किड्याची वर्षाला एकच पिढी होते. शरद ऋतूत मादी मातीत अंडी घालते, ती हिवाळा मातीतच काढतात, उन्हाळ्याच्या तोंडाला पिल्ले बाहेर येतात आणि ऑगस्टपासून गाणे सुरू होते. मंदिरात तापमान सांभाळून हे चक्र पुढेमागे केले जाते, म्हणून जानेवारीतही तेथे गाणे ऐकू येते. घरी सुझुमुशी पाळणारेही जपानमध्ये पुष्कळ आहेत. वांग्याचे किंवा काकडीचे काप काडीला टोचून ठेवतात, म्हणजे ते मातीला लागून बुरसत नाहीत. जोडीला सुक्या मासळीचा चुरा देतात. तो कमी पडला तर माद्या नरांनाच खातात. 'गेंजी मोनोगातारी' या सुमारे हजार वर्षांपूर्वीच्या कादंबरीतही, संन्यास घेतलेल्या राजकन्येच्या अंगणात गाणारे किडे सोडल्याचा प्रसंग आहे, पण तेथे मासळीच्या चुऱ्याचा उल्लेख असण्याची अपेक्षा करू नये!

दाराबाहेर जिझोची मूर्ती आहे. तिच्या पायांत गवती चपला आहेत, कारण हा देव चालत भक्ताच्या घरी येतो, अशी श्रद्धा आहे. म्हणून एकच इच्छा मागायची आणि नाव-पत्ता नीट सांगायचा. मी मनातल्या मनात पुण्याचा पत्ता म्हणत असताना भाचा म्हणाला, "मामा, पिनकोड पण सांग, नाहीतर बिचारा दुसऱ्याच पेठेत जाईल."

तरीही खरे गाणे मला संध्याकाळी कात्सुरा नदीच्या काठी ऐकू आले, असे माझे मत आहे. तेथे उंच गवतात एकच नर गात होता. सूर हलकेच सुरू होई, चढे, पुन्हा उतरे, आणि मध्ये विराम असे. तो विराम मंदिरातल्या हजारोंच्या गर्दीत हरवूनच जातो. पेटीत किडा दिसतो पण एकट्याचा स्वर ऐकू येत नाही, गवतात स्वर ऐकू येतो पण किडा दिसत नाही. पुढे शहराच्या रस्त्याला लागल्यावर दोन्ही संपले, कारण तेथील झाडांच्या शेंड्यांवर आओमात्सुमुशी नावाचे हिरवे किडे ओरडत होते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून जपानमध्ये आढळणारा हा पाहुणा बहुधा चीनमधून आला, असे मानतात. त्याचा आवाज इतका तीव्र असतो की खाली गवतात कोणी गात असले तरी ते कळत नाही, आणि बसची वाट पाहताना आम्हाला एकमेकांशी आवाज चढवूनच बोलावे लागले.