तुम्ही विचारलंत म्हणून: ‘संशयकल्लोळ’मध्ये प्रेम कुठे आहे?

नागपुरातील हौशी नाट्यसंस्थांच्या तालमींत नवी मुले मला हमखास विचारतात, “सर, हा माणूस बायकोवर पाळत ठेवून राहिला अन् लोक हसून राहिले, यात प्रेम कुठे आहे?” हा माणूस म्हणजे गोविंद बल्लाळ देवलांच्या ‘संगीत संशयकल्लोळ’मधील फाल्गुनराव.

माझे उत्तर असे, की त्याची बायको कृत्तिका नवऱ्याइतकीच संशयी आहे, म्हणूनच आपल्याला हसता येते. चक्कर आलेल्या रेवतीला, म्हणजे नाटकाच्या नायिकेला, फाल्गुनराव सावरतो, ते कृत्तिका पाहते; रेवतीच्या हातून पडलेली तिच्या प्रियकराची, अश्विनशेठची तसबीर कृत्तिका निरखते, ते फाल्गुनराव पाहतो. दोघांकडे एकेक पुरावा, दोघेही फिर्यादी आणि दोघेही आरोपी! संशय एकट्या नवऱ्यालाच आला असता तर काय झाले असते, हे देवलांना चांगले ठाऊक होते, कारण संशयापायी नवरा बायकोचा जीव घेतो त्या शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’चे ‘झुंझारराव’ हे मराठी रूपांतर त्यांनीच १८९० साली केले होते. त्यानंतर तीनच वर्षांनी, १८९३ मध्ये, तसबिरीच्या घोटाळ्याचे हे नाटक प्रथम गद्यात आले आणि १९१६ साली संगीत होऊन रंगभूमीवर गाजले.

हे दांपत्य आदर्श नव्हे, हे मान्य. तरीही त्या दोघांपैकी एकालाही दुसरे माणूस नको आहे आणि त्यांचा सारा दिवस एकमेकांचा माग काढण्यात जातो. मला त्यांचे प्रेम तिथे दिसते. (नागपूरचे देशपांडे सभागृह असो वा सायंटिफिक सभागृह, या प्रवेशांना पहिला हशा मुरलेल्या जोडप्यांकडूनच येतो.)

मला बोचतो तो अश्विनशेठ. पदे गोड त्याच्या वाट्याला आली आहेत, पण आपली तसबीर फाल्गुनरावाच्या हाती दिसताच तो रेवतीला दोषी ठरवून मोकळा होतो आणि ती नायकिणीच्या घरची आहे, म्हणून त्याला ते इतके सोपे जाते. कृत्तिका नवऱ्याला तोंडावर जाब विचारू शकते, कारण ती लग्नाची बायको आहे. रेवतीला मात्र आपल्या निष्ठेचा पुरावा द्यावा लागतो. म्हणून रेवती करणाऱ्या मुलीला मी सांगतो, की मनोमीलनाच्या प्रवेशात लगेच विरघळू नकोस. अश्विनशेठला जरा ताटकळू दे.