सातवे पुस्तक आणि ऐरणीचा नकार

माइनक्राफ्ट या खेळातल्या माझ्या ज्या नेदराइट (हिऱ्याहून वरचा धातू) तलवारीविषयी मागच्या नोंदीत ‘आता फक्त मेंडिंग उरले’ (म्हणजे मिळालेल्या अनुभवाने वस्तू आपोआप दुरुस्त करणारा मंत्र) असे लिहिले होते, तिचे काम शुक्रवारी रात्री कायमचे अडले. सहा मंत्र (वस्तूला जादूई गुण देणारी एन्चान्टमेंट) चढलेली तलवार, पुस्तकातले मंत्र वस्तूवर जोडणाऱ्या ऐरणीच्या डाव्या कप्प्यात आणि मेंडिंगचे पुस्तक उजव्या कप्प्यात ठेवताच मधल्या बाणावर लाल फुली आली आणि खाली लाल अक्षरांत ‘टू एक्स्पेन्सिव्ह!’ उमटले. माझ्याकडे तेव्हा ३६ लेव्हल (अनुभवातून मिळणाऱ्या आणि ऐरणीवर खर्च होणाऱ्या पातळ्या) होत्या, त्यामुळे प्रथम वाटले की थोड्या कमी पडल्या असतील. कागद घेऊन हिशेब केल्यावर समजले की ती पायरी ६५ लेव्हलची होती, आणि सर्व्हायव्हल या खेळाच्या नेहमीच्या प्रकारात ऐरण ३९ च्या पुढचे कोणतेही काम स्वीकारत नाही.

चूक क्रमाची होती. पुस्तक मिळेल तसे मी ते थेट तलवारीवर चढवत गेलो. ऐरणीवरच्या प्रत्येक जोडणीनंतर वस्तूवरचा दंड, म्हणजे पुढच्या जोडणीला लागणाऱ्या जादा लेव्हल, ०, १, ३, ७, १५, ३१, ६३ असा वाढत जातो, हे मला माहीत होते. पण तो सातव्या जोडणीला किती होईल, याचा विचार मी आधी केला नव्हता. लूटिंग ३ (मंत्रापुढचा आकडा त्याची तीव्रता) साठी ६ लेव्हल गेल्या, स्वीपिंग एज ३ साठी ७, शार्पनेस ५ साठी ८, फायर ॲस्पेक्ट २ साठी ११, अनब्रेकिंग ३ साठी १८ आणि नॉकबॅक २ साठी ३३. नॉकबॅक २ चे स्वतःचे मोल फक्त २ आहे. उरलेल्या ३१ लेव्हल निव्वळ दंडाच्या होत्या. एकूण ८३ लेव्हल खर्चून हाती आलेली ही तलवार आता दुरुस्तही करता येत नाही, कारण दुरुस्तीसाठीही ऐरण तोच ६३ चा दंड मागते.

शनिवारचा सगळा दिवस नव्या मांडणीत गेला. मूळ तत्त्व असे की जोडणीनंतर वस्तूचा दंड दोन्ही घटकांपैकी ज्याच्यावर अधिक जोडण्या झाल्या असतील त्याच्यापेक्षा एकच पायरी वर जातो. म्हणून पुस्तके आधी आपसांत जोडावीत आणि तयार झालेली भारी पुस्तके तलवारीवर चढवावीत. मंत्रांचे मोल उजव्या कप्प्यातल्या वस्तूचे मोजले जाते, तेव्हा दोन पुस्तकांतले हलके पुस्तक नेहमी उजवीकडे असावे. या पद्धतीने तेच सात मंत्र ५१ लेव्हलमध्ये बसतात आणि सर्वांत महाग पायरी अवघी २१ ची होते. हा आकडा मी तीनदा तपासला आणि तिन्ही वेळा तोच आला, याचा आनंद मला तलवार हाती आल्याइतकाच झाला.

हे टिपत असतानाच नॉकबॅक वगळावा असे वाटू लागले. नेदर या अग्निलोकातले ब्लेझ नावाचे शत्रू जिथे सतत निर्माण होतात, त्या स्पॉनरजवळ हा मंत्र शत्रूला हाताच्या टप्प्याबाहेर ढकलतो. जिथे सलग वार करायचे असतात तिथे तो मला अडथळाच वाटतो. तो काढला की एकूण खर्च ४४ होतो: तलवार आणि लूटिंग ६, स्वीपिंग आणि अनब्रेकिंग ३, शार्पनेस आणि मेंडिंग २, मग दुसरे पुस्तक तलवारीवर ९, पहिल्या पुस्तकावर फायर ॲस्पेक्ट ५ आणि शेवटची जोडणी १९. तलवारीला नाव द्यायचे असेल तर ते शेवटच्या पायरीतच द्यावे. त्याची एक लेव्हल अधिक पडते.

पुस्तकांसाठी ती विकणाऱ्या ग्रंथपाल गावकऱ्याला पर्याय नाही, हे माझे मत आता पक्के झाले आहे. मंत्र देणाऱ्या एन्चान्टिंग टेबलभोवती १५ बुकशेल्फ लावूनही मेंडिंग कधीच मिळत नाही. ग्रंथपालाशी पहिला व्यवहार होण्याआधी त्याचे लेक्टर्न (कामाचे मेज) तोडून पुन्हा ठेवत राहावे, म्हणजे तो विकायची पुस्तके बदलत राहतो. मला मेंडिंग २३ एमराल्डला (गावकऱ्यांचे चलन) मिळाले. झॉम्बी झालेल्या गावकऱ्याला बरे केले की तोच भाव बराच उतरतो, म्हणून पुढची खरेदी त्या वाटेने करणार आहे. ऐरणी मात्र दोन तयार ठेवाव्यात. प्रत्येक वापरात तडा जाण्याची शक्यता १२ टक्के असते, आणि माझ्या ऐरणीवर दुसरा तडा दिसू लागला आहे. नव्या ऐरणीला लोखंडाच्या ३१ विटा लागतात.

जुनी तलवार ग्राइंडस्टोनवर घासून कोरी करण्याचा बेत होता. मंत्र जातील, दंडही पुसला जाईल आणि नेदराइट वाचेल, असा तो विचार होता. तो आता बदलला आहे. नवी तलवार हिऱ्याचीच घेऊन तिच्यावर मंत्र पूर्ण करायचे आणि नंतर स्मिदिंग टेबलवर नेदराइट चढवायचे, कारण त्या कामाला लेव्हल लागत नाहीत आणि दंडही वाढत नाही. जुनी तलवार लेव्हल मिळवण्यासाठी वापरायची. तिच्यावर मेंडिंग नसल्यामुळे तिने मिळवलेला सगळा अनुभव थेट माझ्या लेव्हलमध्ये जमा होतो, फक्त मेंडिंगचे चिलखत उतरवून ठेवायचे. अनब्रेकिंग ३ मुळे तिचे २०३१ वार सरासरी चौपट, म्हणजे आठ हजारांवर पुरतील. एका ब्लेझमागे १० अनुभव धरला तर शून्यापासून १९ लेव्हल गाठायला ५० ब्लेझ पुरतात. नॉकबॅकच्या त्या ३३ लेव्हलना १७६ लागले असते.

काल रात्री ३ आणि २ लेव्हलच्या दोन्ही जोडण्या झाल्या आणि ऐरणीवरचे आकडे कागदाशी तंतोतंत जुळले. पेटीत दोन जांभळी लखलखती पुस्तके शेजारी ठेवली आहेत. हिऱ्याची तलवार अजून कोरी आहे. आज तिच्यावर लूटिंग चढेल, आणि त्यानंतर जुनी तलवार घेऊन नेदरला जाईन.