कडेवरचं पिल्लू

सोमवार, रात्र

झोप लागत नाही म्हणून लिहितेय. कारण कळलं तर वहिनी हसेल. एका वानरीने आपलं पिल्लू परत घेतलं, एवढंच.

काल महाबळेश्वर. पॉइंटांवर चणे हिसकावणारी माकडं वेगळी, त्यांचा मला वीट आलाय. वानरं काळ्या तोंडाची, लांब शेपटीची, पाल्यावर जगणारी. लिंगमळ्याच्या वाटेला जांभळींवर त्यांची टोळी होती. नवं पिल्लू मोठ्यांसारखं करडं नसतं, काळपट असतं, म्हणून पानांत चटकन दिसतं. ते या मादीकडून त्या मादीकडे चाललं होतं. वानरांत ही रोजचीच रीत. बाकीच्या सांभाळतात, तेवढा वेळ आई निवांत खाते. आणि ज्यांना स्वतःचं झालेलं नाही, त्यांना हौस जास्त. हे मी आधी वाचलं होतं. वाचताना काही वाटलं नव्हतं.

एक तरणी मादी त्याला पोटाशी धरून केसांत बोटं फिरवत बसलेली. आई आली, पिल्लू ओढलं, गेली. दात विचकणं नाही, काही नाही. तरणी जरा वेळ तशीच. मग आपल्याच मांडीवरचे केस उलटेसुलटे करायला लागली.

केळघर घाट उतरताना गाडीत भेंड्या रंगल्या होत्या. मला 'म' आला आणि एक गाणं आठवेना.

शुक्रवारी चिमी फोनवर म्हणाली, "आत्या, ठेवते हं, मम्मी बोलावतेय." यात लागण्यासारखं काय आहे? मम्मी बोलावणारच. तिचीच आहे ती. दादाची बदली झाली नसती तर... जाऊ दे.

पण लागलं. ओढून घेतल्यासारखंच.

वानरांत माद्या जन्मभर आपल्याच टोळीत राहतात, बाहेर पडतात ते नर. म्हणजे आमच्या घरात वानरांच्या नियमाने वागलेली मी एकटीच! साताऱ्यात, माहेरी, ठाण मांडून. आणखी एक म्हणजे, काही महिन्यांनी पिल्लाचा काळा रंग जातो, मग त्याच्यासाठी एवढी ओढाताण राहत नाही. चिमी सहावीत गेली. करडी झालीच की आता. जवळ घ्यायला गेलं तर "आत्या, गरम होतंय" म्हणते.

रात्री वहिनीचा मेसेज आला. मे महिन्यात पंधरा दिवस पाठवू का? "बघते" असं कळवलंय. हो उद्या सकाळी म्हणेन. लगेच म्हटलं तर तिला वाटायचं, मी फोन हातात धरूनच बसले होते.